रुपेरी पानांची झाडे आणि खानदेशचा पावसाळा: एका वाचनालयापुढील वाफ्याचा प्रकरण अभ्यास

जळगाव जिल्ह्यातील एका तालुक्याच्या गावी सार्वजनिक वाचनालयाची नवी इमारत झाली, तेव्हा प्रवेशद्वारापासून व्हरांड्यापर्यंत जाणाऱ्या फरसबंद वाटेच्या कडेने, पश्चिमेकडे तोंड असलेल्या कुंपणभिंतीला लागून, सुमारे 45 फूट लांब आणि 4 फूट रुंद असा एक वाफा राखून ठेवण्यात आला. वाचनालयात गर्दी होते ती संध्याकाळी, आणि उतरत्या उन्हात वाफा उठून दिसावा, म्हणून कार्यकारी मंडळाने त्यात रुपेरी पानांची झाडे लावायचे ठरवले. कल्पना चांगली होती. करडी-पांढरी पाने कमी उजेडातही लांबून दिसतात, फुलांचा हंगाम संपला तरी वाफा रिकामा वाटत नाही आणि जांभळ्या किंवा निळ्या फुलांच्या शेजारी त्यांची शोभा वाढते. दिवाळीनंतर लागवड झाली, हिवाळाभर वाफा देखणा राहिला, उन्हाळाही निभावला आणि पुढच्या श्रावणात त्यातली बहुतेक झाडे मेली. ती का मेली, त्याच वाफ्याचा एक तुकडा मात्र का जगला आणि त्यावरून पुढची आखणी कशी केली, याची ही नोंद आहे.

पहिल्या लागवडीसाठी रोपे जिल्ह्याबाहेरच्या एका रोपवाटिकेतून आणली होती. पुढच्या ओळीत डस्टी मिलर होते. आपल्याकडे काही रोपवाटिकांत ते सिनेरारिया सिल्व्हर या नावानेही मिळते. मधल्या ओळीत लॅम्ब्ज इअर आणि आर्टेमिसियाची शोभेची जात होती, मागे लव्हेंडर होते आणि मधल्या जागांत जांभळ्या पेटुनिया भरलेल्या होत्या. निवड करताना एकच निकष लावलेला दिसतो, तो म्हणजे पानांचा रंग. डिसेंबर-जानेवारीत खानदेशातली हवा कोरडी असते, रात्री चांगल्या थंड पडतात आणि दिवसा स्वच्छ ऊन असते. अशा हवेत ही सगळी झाडे खूश असतात. त्यामुळे पहिले चार महिने निवड अगदी बिनचूक वाटली.

एप्रिलमध्ये पारा चढू लागला तशी मंडळींना काळजी वाटू लागली, आणि ती स्वाभाविक होती. जळगाव-भुसावळच्या पट्ट्यात मे महिन्यात तापमान 45 अंशांच्या वर जाते आणि पश्चिमेकडच्या भिंतीचा तडाखा संध्याकाळी सातपर्यंत जाणवतो. म्हणून वाफ्यावर हिरवी शेडनेट बांधली, रोज संध्याकाळी पाइपने वरून भरपूर पाणी घातले आणि झाडे मलूल वाटली तेव्हा मुठीमुठीने युरियाही टाकला. यातली एकही गोष्ट निष्काळजीपणाने झालेली नाही. वाचनालयाचे माळी आप्पा केळीच्या बागेत आयुष्य काढलेले गृहस्थ आहेत आणि केळीला या दिवसांत जे हवे असते तेच त्यांनी या झाडांना दिले. झाडे जगली, पण रंग उतरला. नवी पाने हिरवट, लांबट आणि मऊ आली. पुढे मृग-आर्द्रात पाऊस लागला, पुनर्वसू-पुष्याच्या झडीत ऊन दिसेनासे झाले आणि झाडे एकेक करून खाली बसू लागली. आधी लॅम्ब्ज इअर गेले, मग लव्हेंडर, मग डस्टी मिलर.

मंडळाच्या सचिवांचे मत असे पडले की उन्हाळ्यात झाडांचा जीव निघाला होता आणि पावसाळ्यात त्याचा परिणाम दिसला. आप्पांचे निदान त्याहून साधे होते. मान टाकलेल्या रोपाकडे बोट दाखवून ते म्हणाले, "भाऊ, पानी कमी पडनं व्हई." दोघांनीही दोष उन्हाला दिला होता. प्रत्यक्ष पाहणीत जे आढळले ते याच्या नेमके उलट होते.

पाहणी

कोमेजलेल्या रोपाच्या बुडाशी माती बोटाने उकरली तर ती ओली गच्च होती. मुठीत दाबली की गोळा होत होता आणि त्याला हलका आंबूस वास येत होता. रोप उपटण्यासाठी जोर लावावा लागला नाही. मुळे तपकिरी पडलेली होती आणि चिमटीत धरून ओढली की वरची साल निसटून हातात येत होती व आत नुसता दोरा उरत होता. हे मूळकुजीचे अगदी ओळखीचे लक्षण आहे. काही डस्टी मिलरच्या खोडाभोवती, जमिनीला टेकून, पांढऱ्या बुरशीचे धागे पसरलेले होते आणि त्यांत मोहरीएवढे तपकिरी दाणे दिसत होते. हे दाणे स्क्लेरोशियम नावाच्या बुरशीचे असतात. ती उष्ण आणि दमट दिवसांत जोर धरते, भुईमुगासारख्या पिकांत शेतकऱ्यांच्या ओळखीची असते आणि हे दाणे जमिनीत दीर्घकाळ टिकून राहतात. मूळ कुजले की झाडाला पाणी वर खेचता येत नाही, त्यामुळे पाण्यात उभे असूनही ते तहानलेल्या झाडासारखे मान टाकते. नेमक्या अशाच वेळी त्याला आणखी पाणी घातले जाते. रुपेरी झाडे गमावणाऱ्या घरांत हा प्रकार इतक्या वेळा दिसतो की मान टाकलेले झाड दिसले तर आधी मातीत बोट घालावे आणि मगच पाइपला हात लावावा, हे मी प्रत्येकाला सांगतो.

निचरा तपासण्यासाठी वाफ्याच्या मध्यावर फूटभर खोल खड्डा खणून त्यात पाणी भरले. दुसऱ्या दिवशी सकाळीही ते त्यात होते. तापी-गिरणेच्या खोऱ्यातली ही काळी जमीन कापसाला आणि केळीला लाखमोलाची आहे. पण तिच्यातली चिकणमाती पाणी पिऊन फुगते, फुगली की तिच्यातली छिद्रे मिटतात आणि हवा आत जायला वाट राहत नाही. उन्हाळ्यात तीच जमीन आकसून तिला भेगा पडतात आणि त्यात बारीक मुळे तुटतात. वाफा वाटेपेक्षा चार बोटे खालच्या पातळीवर होता, म्हणजे फरसबंदीवरचे सगळे पाणीही त्यातच उतरत होते.

या पाहणीतला सर्वांत महत्त्वाचा पुरावा प्रवेशद्वाराजवळ होता. चौकीदाराची खोली बांधताना उरलेला मुरूम तिथे टाकून पसरवलेला होता आणि वाफ्याचा शेवटचा साधारण आठ फुटांचा भाग त्या मुरमावर आला होता. शेडनेट तिथपर्यंत पुरली नव्हती, पाइपही तिथे क्वचितच पोहोचत होता. म्हणजे उन्हाचा सर्वांत जास्त मारा आणि पाण्याची सर्वांत जास्त टंचाई याच तुकड्याला होती. तरीही तिथली डस्टी मिलरची सहाही रोपे आणि आर्टेमिसियाचा एक झुबका भर श्रावणात जिवंत होता, पाने राखाडी-पांढरी होती आणि उंची बेताची, वाढ दाट होती. रोपे त्याच रोपवाटिकेतली, पाऊसही तोच. फरक होता तो जमिनीचा, पाण्याचा आणि सावलीचा, आणि तिन्ही गोष्टींत कमी लाड झालेला तुकडा जगला होता.

पान रुपेरी का असते

हा मुद्दा नीट समजला तर पुढचे सगळे निर्णय सोपे होतात, म्हणून त्यावर थोडे थांबतो. डस्टी मिलरचे पान घेऊन नखाने कडेला हळूच खरवडले तर पांढरी लव सालपटासारखी निघते आणि खाली साधे हिरवे पान दिसते. पांढरेपणा पानात नसतो, त्या लवेत असतो. लवेतले केस मृत आणि आतून हवेने भरलेले असतात. त्यांच्यावर पडलेला प्रकाश सर्व दिशांना विखुरतो, म्हणून आपल्याला पांढरे दिसते, आणि पानावर पडणाऱ्या उन्हाचा बराच वाटा आत न शिरता परत फिरतो. शिवाय लवेमुळे पानालगत स्थिर हवेचा थर राहतो व पाणी उडून जाण्याचा वेग कमी होतो. हे पान ऊन आणि कोरडी हवा सोसण्यासाठीच घडलेले आहे. कडक ऊन आणि बेताचे पाणी मिळाले तर झाड दाट लव काढते. सावली, भरपूर नत्र (युरियातून मिळते ते) आणि रोजचे पाणी मिळाले तर नव्या पानाला तेवढ्या लवेची गरज उरत नाही आणि ते हिरवट निघते. शेडनेटखाली रंग का उतरला, याचे उत्तर इथे आहे.

हीच लव पावसाळ्यात बाधते. तिच्यात पाणी अडकून राहते, केसांमधल्या हवेची जागा पाणी घेते म्हणून पान हिरवट दिसू लागते आणि दिवसेंदिवस न सुकलेल्या, जमिनीला टेकलेल्या पानावर बुरशी धरते. लॅम्ब्ज इअरची पाने सर्वांत जाड लवेची आणि जमिनीसरशी पसरणारी असतात. या वाफ्यात ते सर्वांत आधी गेले यात नवल नाही.

रुपेरीपणा लवेमुळेच येतो असे मात्र नाही. घायपाताचा किंवा बिस्मार्क ताडाचा निळसर करडा रंग पानावरच्या मेणाचा असतो. तो थर हाताने पुसला गेला तर त्या पानावर पूर्ववत भरून येत नाही. पिलिया आणि झेब्रिना यांच्या पानांवरचे चंदेरी पट्टे पानाच्या वरच्या सालीखालच्या हवेच्या पोकळ्यांमुळे दिसतात. ही सावलीत व ओलाव्यात वाढणारी झाडे आहेत आणि पश्चिमेच्या उन्हात ठेवली तर ती होरपळतात. दुकानात तिन्ही प्रकार एकाच फळीवर 'सिल्व्हर' म्हणून उभे असतात, पण त्यांच्या गरजा एकमेकींशी जुळत नाहीत.

मूळ प्रदेशातला पाऊस कोणत्या ऋतूत पडतो

पहिल्या लागवडीतली झाडे कुठली आहेत ते पाहिले की कोडे सुटते. डस्टी मिलर आणि लव्हेंडर भूमध्य समुद्राच्या काठच्या प्रदेशातली आहेत, लॅम्ब्ज इअर तुर्कस्तान, आर्मेनिया, इराण या भागातले आहे. तिथे उन्हाळा कोरडा असतो आणि पाऊस पडतो तो मुख्यत्वे थंडीत. उष्णता आणि ओलावा एकत्र येण्याची त्यांना सवयच नाही. आपल्याकडे वर्षाचा साधारण 700 मिलिमीटर पाऊस जवळजवळ सगळा जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत येतो आणि तेव्हा जमीनही गरम असते. कोकणाच्या मानाने हा पाऊस थोडा आहे, म्हणून खानदेशात ही झाडे टिकतील असे अनेकांना वाटते. परंतु पाऊस किती पडला यापेक्षा तो कोणत्या ऋतूत पडला आणि त्यानंतर पाणी जमिनीत किती दिवस राहिले, हे या झाडांसाठी जास्त महत्त्वाचे आहे.

म्हणून नवी निवड करताना कायमच्या झाडांसाठी मी एकच चाळणी लावली: मूळ प्रदेशात पाऊस उष्ण ऋतूत पडतो का. या चाळणीतून सर्वांत चांगले उतरले ते ल्युकोफायलम. टेक्सास आणि उत्तर मेक्सिकोतल्या कोरड्या प्रदेशातले हे झुडूप आहे. तिथल्या चुनखडीच्या, अल्कधर्मी जमिनीत ते वाढते आणि उन्हाळ्यातल्या तुरळक जोरदार सरी त्याला परिचित आहेत. आपल्या काळ्या जमिनीचा सामू (पीएच) आठच्या आसपास असतो. अनेक शोभेच्या झाडांना तो सोसत नाही, याला चालतो. हवेत दमटपणा वाढला की त्याच्यावर जांभळट गुलाबी फुलांचा बहर येतो, म्हणून त्याच्या मूळ प्रदेशात लोक त्याला पावसाची वर्दी देणारे झुडूप मानतात. खानदेशातही वळवाच्या सरीनंतर ते फुलते. मात्र निचरा त्यालाही हवाच.

पुढच्या कडेसाठी इव्हॉल्व्हुलस निवडले. दक्षिण अमेरिकेतल्या उष्ण प्रदेशातली ही पसरणारी वनस्पती आहे, पाने बारीक लवेची राखाडी-हिरवी आणि फुले आकाशी निळी, सकाळी उमलून दुपारनंतर मिटणारी. ती डस्टी मिलरइतकी पांढरी दिसत नाही हे खरे. पण बारा महिने जागा धरून ठेवणारी पुढची ओळ मिळणे हे या हवामानात मोठेच काम आहे.

आप्पांनी रुईचे नाव सुचवले आणि ते अगदी योग्य दिशेचे होते. मे महिन्यात धुळे रस्त्याच्या कडेला सगळे वाळलेले असताना रुई राखाडी पानांनी आणि फुलांनी भरलेली उभी असते, शनिवारी मारुतीला वाहायला तिची पाने-फुले लागतात आणि पाणी घालण्याचा प्रश्नच येत नाही. तरी वाचनालयात मुले येतात आणि रुईचा चीक डोळ्यात गेला तर बुबुळाला इजा होते, म्हणून ती वगळली. टोकाला काटा असलेला घायपात याच कारणाने बाद झाला. बिस्मार्क ताड चार फुटांच्या वाफ्यात लावण्यात अर्थ नव्हता.

डस्टी मिलर पूर्णपणे सोडायचे नव्हते, कारण पांढरेपणात त्याला तोड नाही. त्याला आपल्याकडे हंगामी झाड मानावे, असे माझे स्पष्ट मत आहे. आपण पेटुनिया मार्चनंतर उपटतो आणि त्याबद्दल कोणालाही खंत वाटत नाही. तोच न्याय इथे लावला की तक्रार उरत नाही. ऑक्टोबर अखेरीस लावायचे, मार्च-एप्रिलपर्यंत शोभा घ्यायची आणि पावसाआधी काढायचे. त्याच्या सोबतीला दवण्याचा एक पट्टा धरला. दवणा हा आर्टेमिसियाच्याच कुळातला, आपल्या मातीतला आणि हिवाळ्यात वाढणारा. पाने करडी, लवदार आणि सुवास असा की वाचनालयात शिरणारा माणूस नकळत वाकून हात फिरवतो. खानदेशातले भाविक चैत्रात पायी सप्तशृंगगडाकडे निघतात, त्या सुमारास त्याचे आयुष्य संपते आणि जागा मोकळी होते.

वाफ्याची पुनर्रचना

वाफा आधी पूर्ण रिकामा केला. बुरशीचे दाणे असलेली वरची माती काढून बाहेर टाकली. ती दुसऱ्या वाफ्यात वापरू नये असे बजावून सांगितले. खालची काळी जमीन टिकावाने खडबडीत करून तिला भिंतीपासून वाटेकडे चार फुटांना एक इंच असा उतार दिला आणि वाटेच्या कडेने चारी काढून ती गटाराला जोडली. त्यावर विटांची एक फूट उंच कड बांधून, तिच्यात तळाशी पाणी निघायला जागोजागी छिद्रे ठेवून, गादीवाफा भरला. भरणासाठी चाळलेला मुरूम तीन भाग, काळी माती एक भाग आणि चांगले कुजलेले शेणखत अर्धा भाग घेतले. एवढ्या वाफ्याला मुरूम सव्वा ब्रासच्या (एक ब्रास म्हणजे 100 घनफूट) आसपास लागला. मुरूम घेताना तो तांबूस, खरबरीत, कातळ झिजून झालेला असावा. पांढरट चुनखडीचा मुरूम स्वस्त मिळाला तरी घेऊ नये, कारण जमिनीत आधीच चुना भरपूर असतो, त्यात आणखी भर पडली की झाडाला लोह मिळत नाही आणि रुपेरी पानावर तो पिवळेपणा लवकर लक्षातही येत नाही.

मंडळातल्या एका सदस्यांनी काळ्या मातीतच थोडी वाळू मिसळून काम भागेल का, असे विचारले. भागत नाही. चिकणमातीत थोडीथोडकी वाळू घातली तर ती दाण्यांच्या फटींत चिकणमातीसह घट्ट बसते आणि वाळल्यावर माती विटेसारखी कडक होते. फरक पडायचा तर वाळूचे प्रमाण निम्म्याहून बरेच जास्त लागते. तळाशी खडीचा थर देण्याची पद्धतही इथे मी टाळली. बारीक मातीखाली जाड खडी असली की वरची माती पूर्ण भिजल्याखेरीज पाणी खडीत उतरत नाही, आणि मुळे असतात तिथेच ओल साचून राहते. वाफा उंच करणे आणि भरणच मोकळे ठेवणे हाच खात्रीचा मार्ग आहे.

खोडांभोवती पालापाचोळा किंवा शेंगांची टरफले न टाकता बारीक मुरमाचा दोन बोटांचा थर दिला, म्हणजे खोडाचा जमिनीलगतचा भाग कोरडा राहतो आणि पावसाचे शिंतोडे उडून माती पानावर येत नाही. सजावटीचे पांढरे गोटे टाकावेत असा आग्रह झाला होता. त्यांच्यावरून परतणारे ऊन पानांना खालून भाजते आणि पांढऱ्यावर पांढरे काही उठून दिसत नाही, म्हणून ते नाकारले. भिंतीच्या बाबतीतही हेच. ती चुन्याने पांढरी रंगवलेली होती आणि तिच्यापुढे रुपेरी पाने नुसती धुळकट वाटत होती. मंडळाने ती गेरूच्या रंगात रंगवून घेतली. या संपूर्ण प्रकरणात इतक्या कमी खर्चात इतका फरक दुसऱ्या कशानेही पडला नाही. करड्या पानांमागे तांबडामाती रंग आला आणि झाडे लावली त्याच दिवशी वाफा भरल्यासारखा दिसू लागला. मध्ये मध्ये जांभळ्या पानांची सेटक्रेशिया लावली, तीही उन्हाला खंबीर आहे.

पाण्यासाठी ठिबक हवेच होते. कूपनलिकेचे पाणी जड असते. ते पानावरून घातले की वाळल्यावर क्षारांचे डाग लवेत बसतात आणि ते पुसताही येत नाहीत. ताशी 2 लिटरच्या ड्रिपरची एक नळी मागच्या ओळीला आणि एक पुढच्या ओळीला दिली, दोन्हींना वेगळे कॉक ठेवले. ल्युकोफायलम पहिल्या उन्हाळ्यात तीन-चार दिवसांआड, मुळांपर्यंत पोहोचेल असे सावकाश पाणी मागते. मुळे धरल्यावर आठवड्याने दिले तरी चालते. हिवाळ्यात आठ-दहा दिवसांनी पुरे. पाऊस लागला की दोन्ही कॉक बंद, आणि ते कोणी सुरू करू नये म्हणून किल्ली आप्पांकडे. खत वर्षातून एकदा, पाऊस संपल्यावर, ओंजळभर शेणखत. युरिया अजिबात नाही. शेडनेट काढून टाकली.

डस्टी मिलरची रोपे आता वाचनालयातच तयार होतात. बी बारीक असते आणि उगवण्यासाठी त्याला उजेड लागतो, म्हणून ऑगस्टच्या शेवटी ट्रेमध्ये कोकोपीटवर (नारळाच्या काथ्याच्या भुशावर) नुसते पसरून हलके दाबायचे, वर माती टाकायची नाही आणि ट्रे व्हरांड्यात, पाऊस लागणार नाही पण उजेड मिळेल अशा जागी ठेवायचे. रोपे वाफ्यात फुटाच्या अंतराने बसतात. शेंडा एकदा खुडला की बगलेतून फुटवे येऊन झाड भरते; पिवळ्या फुलांच्या कळ्या दिसताच त्या काढाव्यात, नाहीतर झाड उंच होऊन विस्कटते. दवण्याचे बी त्याहूनही बारीक, ते बारीक वाळूत मिसळून फेकावे आणि बी आदल्या हंगामातलेच घ्यावे, जुने बी उगवत नाही. गावात मोकाट शेळ्या फिरतात, त्यामुळे फाटक बंद राहील याची काळजी घेण्यास सांगितले; डस्टी मिलरच्या पानांत यकृताला अपायकारक द्रव्ये असतात, जनावराच्या पोटात ती जाऊ नयेत.

लवेत लपणारी कीड

नव्या लागवडीनंतर पहिल्या फेब्रुवारीत एक अडचण आली, तिचा उल्लेख स्वतंत्रपणे करायला हवा, कारण कापसाच्या पट्ट्यात ती कोणालाही येऊ शकते. डस्टी मिलरचे काही शेंडे आखडलेले दिसले, पण पानांवर कीड दिसेना. पिठ्या ढेकूण हा पांढऱ्या मेणकट पिठाने झाकलेला असतो आणि पांढऱ्या लवेत तो डोळ्यांना सापडतच नाही. खोडावरून वर-खाली जाणाऱ्या मुंग्यांच्या रांगेमुळे तो उघडकीस आला. त्याच्या गोड चिकट स्रावासाठी मुंग्या येतात. रांगेचा माग धरून पानाच्या देठाच्या बेचक्यात पाहिले, बोटाने पुसले, आणि बोटाला गुलाबीसर ओल लागली. कुंपणापलीकडच्या घरी जळणासाठी रचलेल्या कपाशीच्या पऱ्हाट्या, म्हणजे वाळलेल्या काड्या, होत्या आणि भिंतीकडेला गाजरगवत माजले होते. दोन्ही ठिकाणी या किडीला आसरा मिळतो.

इतर झाडांवर अशा वेळी निंबोळी तेल फवारतात. लवेच्या पानावर तेलकट फवारणी केली की केस चिकटून चपटे होतात, पान कायमचे मळकट दिसते आणि उन्हात भाजते. त्यामुळे लागलेले शेंडे कापून पिशवीत बांधून नष्ट केले, थोडीशी लागण होती तिथे स्पिरिटमध्ये बुडवलेल्या कापसाच्या बोळ्याने कीड टिपून काढली, गाजरगवत फुलण्याआधी उपटले आणि शेजाऱ्यांनी विनंतीवरून पऱ्हाट्या भिंतीपासून लांब हलवल्या. तेवढ्याने ती आटोक्यात आली. आता आप्पा पानांपेक्षा मुंग्यांवर लक्ष ठेवतात.

पहिल्या पावसाळ्यानंतरची स्थिती

ल्युकोफायलमची झुडपे एक सोडून सगळी तरली. गेले ते वाफ्याच्या कोपऱ्यातले, जिथे गच्चीचा पन्हाळ थेट वाफ्यात पडत होता. आखणी करताना उन्हाळ्यात कोरडा असलेला तो पन्हाळ कोणाच्याच लक्षात राहिला नव्हता. मृगाच्या आधी दोन-तीन दिवस हवा दाटली तेव्हा मागची पूर्ण ओळ फुलली आणि गावातल्या पुष्कळ लोकांनी येऊन तिची चौकशी केली. ही झुडपे दर आठवड्याला कात्रीने चौकोनी कापण्याचा मोह मात्र आवरावा लागेल. सतत छाटले तर बहर हातचा जातो. पाऊस संपल्यावर एकदा हलकी छाटणी पुरते.

इव्हॉल्व्हुलस ऑगस्टमध्ये पसरट आणि विरळ झाले. ते निम्मे कापल्यावर सप्टेंबरअखेर पुन्हा दाट आले. मुरमावरून हलवून आणलेल्या जुन्या आर्टेमिसियाच्या झुबक्याचा मधला भाग कुजला, कडेचे कोंब जिवंत आहेत. ते वेगळे करून लावले आहेत, पण या झाडावर मी फारशी भिस्त ठेवणार नाही. दवणा पहिल्या वर्षी तुरळकच उगवला. लव्हेंडर आणि लॅम्ब्ज इअर पुन्हा लावावेत अशी मंडळातल्या काहींची इच्छा अजून आहे. हिवाळ्यापुरते कुंडीत लावायला माझी हरकत नाही, वाफ्यात मात्र नको.

सचिवांची एक तक्रार राहिली आणि ती रास्त आहे: जुलै ते सप्टेंबर या तीन महिन्यांत पुढची पट्टी रुपेरी दिसत नाही. पावसात भिजलेली लवेची पाने हिरवट दिसणारच आणि डस्टी मिलर तर तेव्हा वाफ्यात नसतेच. यावर उपाय म्हणून मोकळ्या जागेत पावसाळ्यापुरती जांभळी गोंफ्रिना लावायची आणि रुपेरी रंग हवाच असेल तर व्हरांड्याच्या सावलीतल्या कुंड्यांत पिलिया व झेब्रिना ठेवायची, असे ठरले आहे. त्यांना या दिवसांतला दमटपणा मानवतो.

पहिल्या पावसात भरण सुमारे तीन बोटे खाली बसले आहे. दसऱ्यानंतर वरून मुरूम घालून ते पुन्हा विटांच्या कडेपर्यंत आणायचे, पन्हाळाला पाइप जोडून त्याचे पाणी चारीत सोडायचे, मेलेल्या झुडपाच्या जागची माती हातभर खोल बदलायची आणि तिथे नवे ल्युकोफायलम बसवायचे, एवढी कामे डस्टी मिलरची रोपे ट्रेमधून बाहेर काढण्यापूर्वी उरकायची आहेत.